‘रजिस्ट्रेशनची सर्टिफाइड कॉपी आणा’ म्हणून फाइल परत आली असेल तर

सीसी लिमिटचं (बँकेच्या कॅश क्रेडिट कर्जमर्यादेचं) नूतनीकरण असो, गणवेशाचं टेंडर असो किंवा वीजजोडणी फर्मच्या नावावर करणं असो, कागदांच्या यादीत एक ओळ हमखास असते: ‘व्यवसाय नोंदणी प्रमाणपत्राची प्रमाणित प्रत.’ आपण कपाटातला कागद काढतो, झेरॉक्स मारतो, शिक्का मारून सही करतो आणि देतो. आठवड्याने फाइल परत येते. मग महा ई-सेवा केंद्रातून काहीतरी नवीन काढून देतो. तीही परत येते. सोलापुरात अक्कलकोट रोडच्या कारखानदारांपासून नवी पेठेतल्या कापड दुकानदारांपर्यंत, हिशेबाचं काम करणाऱ्या आमच्यासारख्यांकडे ही तक्रार वर्षभर चालू असते.

प्रमाणपत्र खरंच हरवलंय असं यात क्वचितच असतं. बहुतेक वेळा चुकीच्या कार्यालयाचा कागद दिलेला असतो, नाहीतर कागद बरोबर असतो पण सरकारी दप्तरातली नोंदच जुनी असते. दुसऱ्या प्रकारात कितीही ताजी प्रत काढली तरी उपयोग नाही, कारण प्रत दप्तरात जे आहे तेच दाखवणार. म्हणून प्रतीसाठी अर्ज करण्याआधी दप्तरात काय आहे ते बघायचं.

आधी हे ठरवा की नेमकी कुणाची नोंदणी मागितली आहे

‘बिझनेस रजिस्ट्रेशन’ नावाचं एकच प्रमाणपत्र आपल्याकडे नाही. भागीदारी फर्म असेल तर तिची नोंदणी भागीदारी संस्था निबंधकांकडे होते, म्हणजे ज्यांना सगळे रजिस्ट्रार ऑफ फर्म्स म्हणतात त्यांच्याकडे. दुकानाचं किंवा ऑफिसचं शॉप ॲक्ट, म्हणजे दुकाने व आस्थापना कायद्याखालची नोंद, कामगार विभागाकडे. व्यवसाय कर राज्याच्या कर विभागाकडे, जीएसटी राज्याच्या किंवा केंद्राच्या. उद्यम ही लघुउद्योगांची नोंदणी केंद्राची, आणि प्रायव्हेट लिमिटेड कंपनी किंवा एलएलपीही (मर्यादित दायित्वाची भागीदारी) केंद्राच्याच कंपनी निबंधकांकडे. सोलापूरच्या कंपन्यांसाठी ते कार्यालय पुण्याचं, पण प्रमाणित प्रतीचा अर्ज कंपनी मंत्रालयाच्या पोर्टलवरूनच होतो, त्यासाठी गाडी पकडायची गरज नाही.

बँकेच्या यादीत मोघम लिहिलेलं असेल तर क्रेडिट ऑफिसरला सरळ विचारा, ‘साहेब, कोणत्या कायद्याखालची नोंदणी हवी?’ हा प्रश्न विचारायला लोक का लाजतात मला कळत नाही. यादी मुख्यालयातून छापून आलेली असते, बऱ्याचदा त्या ऑफिसरलाही आत बघून सांगावं लागतं. भागीदारी फर्मने शॉप ॲक्ट दिलं म्हणून परत आलेल्या फाइली सगळ्यात जास्त. त्याखालोखाल नोटरी केलेलं पार्टनरशिप डीड दिलं म्हणून परत आलेल्या. डीड म्हणजे भागीदारांमधला करार. तो नोटरी केला म्हणून फर्म नोंदली जात नाही. फर्मची नोंद निबंधकांच्या नोंदवहीत असते आणि ती नसेल तर प्रत मिळण्याचा प्रश्नच येत नाही, आधी नोंदणी करावी लागेल. नोंदणी नसलेल्या फर्मला करारातून येणं असलेल्या पैशांसाठी गिऱ्हाइकावर दावा लावता येत नाही (भागीदारी अधिनियम १९३२, कलम ६९), त्यामुळे बँक या कागदाबाबत आग्रही असते ते उगाच नाही.

दुसरा प्रश्न, प्रत कोणत्या प्रकारची. तुम्ही स्वतः सही केली ती स्वसाक्षांकित. नोटरीने मूळ कागदाशी ताडून शिक्का मारला ती खरी नक्कल. दप्तर ज्यांच्याकडे आहे त्या कार्यालयाने फी घेऊन, शिक्क्यानिशी दिली ती प्रमाणित प्रत. आणि मूळ प्रमाणपत्र हरवलं म्हणून पुन्हा दिलं जातं ती दुय्यम प्रत. राज्य सरकारच्या बऱ्याच कामांना २०१५ पासून स्वसाक्षांकित प्रत चालते. बँक आणि कोर्टाचं तसं नाही. यादीत ‘प्रमाणित’ असं लिहिलं असेल तर नोटरीकडे पैसे घालवू नका.

भागीदारी फर्म: खरी डोकेदुखी इथे आहे

सोलापूर जिल्ह्यातल्या फर्मचं काम पुण्याच्या विभागीय कार्यालयाशी येतं. फार जुनी फर्म असेल तर नोंदणी क्रमांक आणि वर्ष सांगून दप्तर पुण्यात आहे की मुंबईच्या मुख्य कार्यालयात, हे आधी विचारून घ्या. नाहीतर हुतात्मा एक्स्प्रेसने सकाळी जायचं आणि रात्री रिकाम्या हाताने स्टेशनवर उतरायचं.

कायद्याच्या दोन गोष्टी माहीत असल्या की काउंटरवर बोलणं सोपं जातं. कलम ६६ प्रमाणे फर्म्सची नोंदवही फी भरून कुणालाही पाहता येते. कलम ६७ प्रमाणे त्यातल्या नोंदीची प्रमाणित प्रत कुणालाही फी भरून मागता येते. ‘कुणालाही’ हा शब्द महत्त्वाचा. भावाभावांत बिनसलंय, कागद थोरल्याच्या कपाटात आहेत आणि तो देत नाही, अशा प्रकरणांत लोक वर्षानुवर्षं अडकून बसतात. प्रमाणित प्रतीसाठी थोरल्याची संमती लागत नाही, त्याची सहीही लागत नाही. फर्मचं नाव, नोंदणी क्रमांक किंवा निदान नोंदणीचं साधारण वर्ष आणि मुख्य जागेचा पत्ता एवढं द्या.

क्रमांकच माहीत नसेल तर जुन्या कागदांत शोधा. बँकेत खातं उघडतानाचा फॉर्म, जुनी कर्जाची कागदपत्रं, विक्रीकराच्या काळातला नोंदणी अर्ज, आधीच्या सीएंची फाइल. यांपैकी कुठेतरी तो सापडतोच. पूर्वीच्या दिवाणजींची एक सवय फार चांगली होती, लेटरहेडच्या कोपऱ्यात नोंदणी क्रमांक छापून घ्यायचे.

अर्जात काय मागायचं हे नीट लिहा. फक्त ‘प्रमाणपत्राची प्रत’ मागितली तर फर्म अमुक तारखेला नोंदली एवढंच सांगणारा कागद हातात पडतो. बँकेला मात्र आज भागीदार कोण आहेत हे हवं असतं. त्यासाठी नोंदवहीतल्या उताऱ्याची प्रमाणित प्रत मागायची, ज्यात सुरुवातीचे भागीदार आणि नंतरचे सगळे बदल दिसतात. दोन्ही एकाच अर्जात मागा. या उताऱ्याला वजन आहे. कलम ६८ प्रमाणे नोंदणीचा पुरावा म्हणून अशी प्रत दाखल करता येते, आणि नोंदवहीत ज्याच्या सहीने मजकूर गेला त्याच्याविरुद्ध तो मजकूर निर्णायक मानला जातो.

आता उतारा हातात आला आणि त्यात १९९१ सालचे भागीदार दिसले, असं होतं. होतं म्हणजे, जुन्या यंत्रमाग फर्ममध्ये हेच जास्त होतं. आजोबा निवृत्त झाले, काका वेगळे झाले, मुलगा आला. प्रत्येक वेळी डीड नवीन केलं, आयकराच्या फाइलीत जोडलं, पण निबंधकांना कुणी कळवलंच नाही. भागीदार आला किंवा गेला तर कलम ६३ खाली, फर्मचं नाव किंवा मुख्य जागा बदलली तर कलम ६० खाली आणि भागीदाराचं नाव किंवा राहता पत्ता बदलला तर कलम ६२ खाली सूचना द्यावी लागते. महाराष्ट्रातल्या दुरुस्तीनुसार हे ९० दिवसांत करायचं असतं. उशीर झाला असेल तर दंडासह करता येतं, फक्त करावं लागतं. पूर्व भागातला कारखाना चिंचोळी एमआयडीसीत हलवून दहा वर्षं झाली आणि दप्तरात पत्ता अजून जुनाच, ही फाइल बँक परत करणारच.

बदल एकाहून जास्त असतील तर ते घडले त्या क्रमाने नोंदवा. मधला एक वगळून शेवटचा नोंदवायला गेलात की त्रुटी निघते, कारण नोंदवहीप्रमाणे जो भागीदारच नाही त्याने निवृत्त कसं व्हायचं? प्रत्येक टप्प्याचं डीड शोधून ठेवा. त्यातलं एखादं सापडत नसेल तर आयकर विवरणासोबत दिलेली प्रत सीएंकडे असण्याची शक्यता असते.

मृत्यूच्या प्रकरणात एक बारकावा आहे. तीन किंवा अधिक भागीदार असतील आणि डीडमध्ये ‘एकाच्या मृत्यूने फर्म विसर्जित होणार नाही’ असं कलम असेल तर उरलेले भागीदार फर्म चालू ठेवतात आणि बदल नोंदवता येतो. पण भागीदार दोनच असतील आणि एक गेला, तर एकट्या माणसाची भागीदारी असू शकत नाही. फर्म तिथेच संपते. नंतर मुलाला घेऊन त्याच नावाने धंदा चालू ठेवला तरी कायद्याने ती नवी फर्म. जुन्या उताऱ्यात मुलाचं नाव घालून घ्यायच्या मागे लागून वेळ घालवण्यापेक्षा जुनीची विसर्जनाची सूचना द्या आणि नवी नोंदवा. बँकेला हे लेखी समजावून सांगितलं तर चालतं. पॅनही नवीन लागतो, त्यामुळे जीएसटीही नवीन, हे आधीच लक्षात घ्या.

नावातलं अक्षर इकडचं तिकडे

सोलापूरला हा त्रास इतर गावांपेक्षा जास्त आहे आणि कारण उघड आहे. तेलुगू आणि कानडी घरांतली नावं जुन्या दप्तरात मराठीत एका तऱ्हेने लिहिलेली, पॅनवर इंग्रजीत दुसऱ्या तऱ्हेने, आधारवर तिसऱ्याच. कुठे आडनाव आधी, कुठे शेवटी, कुठे वडिलांचं नाव गायब. संगणक जुळवून बघतो, त्याला ‘गड्डम’ आणि ‘गड्डाम’ हा एकच माणूस आहे हे कळत नाही.

चूक कुणाची हे आधी तपासा. तुम्ही दिलेल्या मूळ अर्जात नाव बरोबर होतं आणि नोंदवहीत उतरवताना चुकलं असेल तर कलम ६४ च्या पहिल्या भागाप्रमाणे निबंधक दाखल कागदांशी जुळवून ती नोंद दुरुस्त करू शकतात. मूळ अर्जाची प्रत जोडून साधा अर्ज पुरतो. मूळ अर्जातच चूक असेल तर मात्र त्या कागदावर सह्या केलेल्या सगळ्यांनी मिळून अर्ज करावा लागतो. सह्या करणाऱ्यांपैकी कुणी हयात नसेल तर हा रस्ता अवघड होतो. अशा वेळी बँकेकडे ‘दोन्ही नावांची व्यक्ती एकच’ असं प्रतिज्ञापत्र चालेल का, हे विचारून बघा. बऱ्याच शाखा चालवून घेतात.

प्रतिज्ञापत्राचा विषय निघालाच आहे म्हणून: सरकारी कार्यालयात दाखल करायच्या प्रतिज्ञापत्राला मुद्रांक शुल्क माफ आहे. तरीही बाहेर टेबल टाकून बसलेला टायपिस्ट पाचशेचा बाँड घ्यायला लावतो. कागद कुठे द्यायचा आहे ते पाहून पैसे काढा. बँकेसारख्या ठिकाणी द्यायचा असेल तर मुद्रांक लागतो.

शॉप ॲक्ट: एजंटचा मोबाइल नंबर

१९४८ चा जुना कायदा गेला आणि १९ डिसेंबर २०१७ पासून नवा लागू झाला. तेव्हापासून छोट्या दुकानांना नोंदणी प्रमाणपत्र मिळत नाही, फक्त सूचना द्यायची आणि तिची पावती घ्यायची. ही मर्यादा सुरुवातीला १० कामगारांची होती, २०२५ च्या दुरुस्तीने ती २० वर गेली. म्हणून तीन माणसांच्या दुकानदाराकडे बँक ‘शॉप ॲक्ट रजिस्ट्रेशन सर्टिफिकेट’ मागते तेव्हा त्याने सूचनेची पावतीच द्यायची. ‘हे सर्टिफिकेट नाही’ असं उत्तर आलं तर कायद्याने आम्हाला एवढंच मिळतं, असं फर्मच्या लेटरहेडवर लिहून सोबत जोडा. तोंडी वाद घालून काही होत नाही.

पावती हरवली तर ज्या लॉगिनमधून अर्ज केला तिथून ती पुन्हा काढता येते. घोडं इथेच अडतं. अर्ज केला कुणी तर चौकातल्या कुठल्याशा केंद्राने, लॉगिन त्याचं, मोबाइल नंबर त्याचा, आणि ते केंद्र आता बंद. यावर सगळीकडे मिळणारा सल्ला म्हणजे ‘नवीन काढून टाका, अर्ध्या तासात होतं.’ होतं खरं, पण नव्या पावतीवर तारीख आजची येते. बँकेला किंवा टेंडरला धंदा तीन वर्षांचा दाखवायचा असेल तर हातात कालचं दुकान उरतं. म्हणून नवीन काढण्याआधी जुना अर्ज क्रमांक शोधा. केंद्रवाल्याने दिलेली पैशांची पावती, व्हॉट्सॲपवर आलेली पीडीएफ, बँकेत पूर्वी दिलेली झेरॉक्स, यांतून तो मिळतो. तो घेऊन सहायक कामगार आयुक्त कार्यालयात लेखी अर्ज करा, आपला मोबाइल नंबर द्या आणि प्रत मागा. अर्जाची पोच घेतल्याशिवाय निघू नका.

हाच नंबराचा घोळ उद्यममध्ये आहे. तिथे प्रमाणपत्र छापायला नोंदवलेल्या मोबाइलवर किंवा ईमेलवर ओटीपी येतो. नंबर एजंटचा असेल तर जिल्हा उद्योग केंद्रात जाऊन विचारा. उद्यम नोंदणी १ जुलै २०२० पासून सुरू आहे आणि ती पूर्णपणे फुकट आहे. शोधताना सरकारी वाटणाऱ्या खासगी साइट्स वर येतात आणि ‘प्रमाणपत्र पुन्हा मिळवा’ म्हणून हजार-दीड हजार मागतात. पैसे मागितले की ती साइट बंद करा.

जीएसटी आणि व्यवसाय कर

जीएसटीचं प्रमाणपत्र कागदावर कधीच दिलं जात नाही. लॉगिन करून सर्व्हिसेस, मग युजर सर्व्हिसेस, तिथे व्ह्यू ऑर डाउनलोड सर्टिफिकेट्स. तीन पानं असतात. पहिलं पान प्रमाणपत्र, मग जादा जागांची यादी, मग मालक किंवा भागीदारांची. लोक पहिलं पान देतात आणि फाइल परत येते, कारण बँकेला भागीदारांचं पानच हवं असतं. गोदाम जादा जागांच्या यादीत नसेल तर आधी ते चढवा. बदल १५ दिवसांत कळवायचा असतो. नोंदलेला मोबाइल आणि ईमेल दोन्ही हाताबाहेर गेले असतील तर आपल्या क्षेत्राच्या कर अधिकाऱ्याकडे ओळखपत्र आणि धंद्याच्या पुराव्यासह अर्ज केला की ते नवीन नंबर चढवून देतात.

व्यवसाय कराचे दोन क्रमांक असतात, एक कामगारांच्या पगारातून कापायच्या कराचा आणि एक धंदा करणाऱ्याने स्वतःसाठी भरायच्या कराचा. मागितलाय कोणता ते बघा.

पिवळं प्रश्नचिन्ह

कागद बरोबर, नोंद बरोबर, तरी परत. कारण ऑनलाइन उतरवलेल्या पीडीएफवर डिजिटल सहीच्या जागी पिवळं प्रश्नचिन्ह आणि ‘व्हॅलिडिटी अननोन’ अशी अक्षरं छापून आली. याचा अर्थ सही खोटी आहे असा नाही. आपल्या संगणकाला सही देणाऱ्या संस्थेची ओळख नाही, एवढाच. फाइल मोबाइलवर किंवा ब्राउझरमध्ये न उघडता संगणकावर अडोबी रीडरमध्ये उघडा. सहीवर क्लिक करा, सिग्नेचर प्रॉपर्टीज, मग शो सायनर्स सर्टिफिकेट. डावीकडच्या साखळीत सगळ्यात वर सीसीए इंडिया (डिजिटल सह्यांवर देखरेख करणारी सरकारी यंत्रणा) दिसेल, ते निवडा, ट्रस्ट टॅबमध्ये ॲड टु ट्रस्टेड सर्टिफिकेट्स करा, ओके द्या आणि व्हॅलिडेट सिग्नेचर दाबा. हिरवी खूण आली की प्रिंट काढा. फाइल सरकारी साइटवरून स्वतः उतरवलेली असेल तरच हे करायचं, कुणीतरी पाठवलेल्या पीडीएफवर नाही.

हे करून हिरवी खूण येत नसेल तर बहुतेक फाइल वाटेत बदललेली असते. अपलोडच्या मर्यादेपेक्षा मोठी म्हणून कुणी ती दाबून छोटी केली, किंवा पुन्हा ‘प्रिंट टु पीडीएफ’ केली की डिजिटल सही निघून जाते, उरतं ते सहीचं चित्र. व्हॉट्सॲपवर फोटो म्हणून पाठवली तरी तेच, डॉक्युमेंट म्हणून पाठवा. मूळ फाइल एका पेन ड्राइव्हवर आणि ईमेलवर हात न लावता ठेवून द्या.

अर्ज करून उत्तरच नाही

हवी ती सेवा ‘आपले सरकार’वर अधिसूचित आहे का आणि तिची मुदत किती, हे बघा. असेल तर महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम २०१५ खाली मुदत संपल्यावर ३० दिवसांत पहिलं अपील करता येतं. कारण नसताना उशीर करणाऱ्या अधिकाऱ्याला ५०० ते ५,००० रुपये दंड होऊ शकतो. अपील न करताही, पुढच्या भेटीत अर्जाचा क्रमांक आणि संपलेली मुदत लिहून दिलेल्या पत्राने बरंच काम हलतं.

माहितीच्या अधिकाराचा अर्ज मी प्रत मिळवायला वापरायला सांगत नाही. ती प्रत खरी असली तरी बँका ती नोंदणीची प्रमाणित प्रत म्हणून सहसा घेत नाहीत. मात्र ‘माझ्या अमुक तारखेच्या अर्जावर आजवर काय कार्यवाही झाली’ हे विचारायला दहा रुपयांचा अर्ज फार उपयोगी आहे.

राहिल्या सहकारी संस्था. विणकर आणि यंत्रमागधारकांच्या जुन्या संस्थांच्या नोंदणीची प्रत मागायला लोक निबंधक म्हटल्यावर पुण्याला फर्म्सच्या कार्यालयात जातात. ते दप्तर वेगळं. सहकारी संस्थांसाठी सोलापुरातच सहकार खात्याच्या उपनिबंधकांकडे किंवा सहायक निबंधकांकडे चौकशी करायची, वस्त्रोद्योगातल्या संस्थेसाठी प्रादेशिक वस्त्रोद्योग कार्यालयाचा पत्ताही तिथूनच कळेल. संस्था अवसायनात गेली असेल, म्हणजे ती बंद करण्याची प्रक्रिया चालू असेल, तर तिची कागदपत्रं ती प्रक्रिया पाहणाऱ्या अवसायकाच्या ताब्यात असतात, म्हणून अर्ज देताना अवसायक कोण आहे आणि त्याच्या नेमणुकीचा आदेश कोणत्या तारखेचा, हेही त्याच अर्जात विचारून घ्या.